कडेची झुडपं

चहाचं झुडूप मरायला टेकलं तरी वरून हिरवंच दिसतं. ते माणसासारखं कण्हत नाही की तोंड वाळवून बसत नाही. म्हणून त्याची खुशाली विचारायची तर खाली वाकून मुळाला विचारावी लागते, आणि आमच्या मळ्यात हे विचारायचं काम चाळीस वर्षं एकाच माणसाकडं होतं. त्याला सगळे टिंचरकाका म्हणायचे.

बुटका गडी. पाय बाहेर वळलेले, कमरेला मागं कोयता, सदऱ्याच्या खिशात टिंचर आयोडीनची बाटली. बुचातून रोज थोडं झिरपायचं, त्यामुळं त्याच्या प्रत्येक सदऱ्याच्या खिशाखाली पिवळा-तपकिरी डाग. नवा माणूस विचारायचा, "काका, लागलं का काही?" त्याची बायको आयुष्यभर पानं खुडलेली बाई. जिभेला धार अशी, की कोयत्यानं उसनी मागावी. ती म्हणायची, "माझं बोट कापलं तर हे नुसती फुंकर मारतात. आणि झुडूप कापायचं तर त्याला आधी टिंचर!"

चहाचं झुडूप दर पाच वर्षांनी गुडघ्यापर्यंत छाटावं लागतं, नाहीतर ते ताडमाड वाढतं आणि कोवळी पत्ती धरत नाही. छाटल्यावर त्याच्यावर एक पान उरत नाही. पान नाही म्हणजे चूल बंद. पुढचे दोन-अडीच महिने त्यानं मुळात जे साठवून ठेवलं असेल त्यावरच काढायचे, त्यातनंच नवे कोंब फोडायचे. साठा असला तर झुडूप फुटतं. नसला तर आडात नाही ते पोहऱ्यात कुठून येणार? उभ्या जागी वाळतं.

टिंचरकाका छाटणीच्या आधी उतारावर जायचा. पाच झुडपांच्या बुडाशी उकरायचा, करंगळीएवढं मूळ कापून घ्यायचा, धुवायचा, तिरका छेद द्यायचा आणि त्यावर टिंचरचा थेंब सोडायचा. मुळात साठवलेल्या पिठाला टिंचर लागलं की ते काळंनिळं होतं. छेद काळानिळा पडला तर साठा आहे. पिवळा राहिला तर मूळ रिकामं. मग कचेरीत जाऊन तो एकच शब्द बोलायचा. "आहे", नाहीतर "नाही". "आहे" म्हटलं की कोयते निघायचे. "नाही" म्हटलं की तो उतार दीड महिना बंद, एक पान खुडायचं नाही, मग पुन्हा परीक्षा. मागल्या चार साहेबांनी ह्या शब्दापुढं कधी शब्द काढला नव्हता.

हे त्याला त्याच्या सासऱ्यानं शिकवलं. सासरा छाटणीचा मुकादम. मुलीचा हात मागायला आलेल्या पोराला त्यानं आधी दोन मुळं दिली आणि म्हणाला, ह्यातलं कुठलं जगेल ते सांग. पोरानं चुकीचं सांगितलं. तरी लग्न झालं. बायको म्हणते, "तेव्हाच ओळखायला हवं होतं."

ह्या दहा-पंधरा वर्षांत चहाच्या धंद्याची तऱ्हा बदलली. खाली सपाटीवर शेतकऱ्यांनी आपली जुनी पिकं मोडून दोन-दोन एकरात चहा लावला. त्यांची झाडं तरणी, पाणी हाताशी, पत्ती ट्रकच्या ट्रक भरून कारखान्याला जाते आणि स्वस्तात जाते. डोंगरावरच्या मळ्यांची झाडं आमच्या आज्याच्या वयाची. ती उपटून नवी लावायची तर पाच वर्षं हातात काही पडत नाही, म्हणून लागवडीची गोष्ट प्रत्येक साहेब पुढच्या साहेबावर ढकलतो. पाऊसही पूर्वीसारखा महिनाभर झिमझिमत नाही, आठ दिवसांत माती धुऊन नेतो आणि दोन महिने तोंड दाखवत नाही. त्यात खुडणाऱ्या तरण्या बायका शहरात कपडे शिवायच्या कारखान्यात गेल्या. तिथं डोक्यावर पत्रा आणि बसायला स्टूल असतं, कोण उन्हात वाकेल?

आणि एवढं सगळं असून मळ्याची पत्ती वाढतच होती. कचेरीच्या भिंतीवर एक तक्ता होता, त्यावर तांबडी रेघ. तीन वर्षं ती रेघ शिडी लावल्यासारखी वर चढली होती. रेडिओवरही सांगितलं, की देशात यंदा आजवरचा सगळ्यात जास्त चहा झाला. टिंचरकाका जेवता जेवता म्हणाला, "चहा किती झाला ते कळलं. झाडं किती उरली ते सांगितलं का?"

"तुम्ही झोपा आता," बायको म्हणाली. "देश चालवायला दुसरी माणसं आहेत."

रेघ चढत होती ती यंत्रामुळं. लांब पात्याचं, पेट्रोलवर चालणारं खुडणीयंत्र. दोन बायकांनी ओळीच्या दोन बाजूंनी दोन टोकं धरायची, पातं झुडपांच्या माथ्यावरून फिरवत न्यायचं, तिसरीनं मागं फुगलेली पिशवी सांभाळायची. पंचवीस बायकांचं काम तीन बायका करतात. हात दोन पानं आणि एक कळी बघून खुडतो. पात्याला डोळे नसतात, ते सगळंच नेतं.

आणि सगळ्या मळ्यात यंत्र चालवण्यात पहिला नंबर टिंचरकाकाच्या लेकीचा.

लेक तिशीची, अंगानं बापासारखी आखूड आणि दणकट. नवरा शहरात गाडी चालवायचा, महिन्यातून एकदा यायचा. ती बापाच्या घरापासून दोन दारं सोडून राहायची, पण जेवायला बापाकडंच. यंत्राचा पट्टा गळ्यात अडकवला की तिचा रुबाब बघावा. वजनकाट्यावर तिची पिशवी आली की काटेवाला म्हणायचा, "बाई, डोंगर ठेवला का मागं थोडा?"

"ठेवलाय," ती म्हणायची, "तुमच्या बसायला."

बापाला तिचा अभिमान होता, आणि यंत्राचा राग होता. दोन्ही एकाच ताटात जेवायचे. तो म्हणायचा, "तू झाडांची हजामत करतेस." ती म्हणायची, "आणि तुम्ही तर मुंडकंच उडवता, बाबा." 

त्या साली टाकीवरच्या उताराची छाटणी आली. पाण्याच्या टाकीच्या वर, डोंगराच्या पाठीवर पसरलेला सगळ्यात मोठा उतार. चाळीस हजार झुडपं. त्याच्यावर आमच्या मजूरवस्तीच्या ओळीतली तीस घरं जगत होती. ह्या झुडपांच्या आठ छाटण्या टिंचरकाकाच्या देखत झालेल्या, आणि एकाही छाटणीत शंभराच्या वर झाडं मेली नव्हती. ह्या एका गोष्टीचा त्याला माज होता. दुसरा माज करण्यासारखं त्याच्याकडं काही नव्हतंच.

नवा साहेब तरणा होता, बोलायला गोड. म्हणाला, "काका, तेवढं बघून सांगा. या महिन्यात कोयते लावायचेत."

टिंचरकाकाचा उजवा गुडघा त्या साली सुजून भोपळा झाला होता. उताराचा रस्ता कडेकडेनं वळत वर जातो. तो रस्त्यानं चालत गेला आणि रस्त्यालगतच्या झुडपांची पाच मुळं घेतली. आत, मधल्या चढावर गेला नाही. ह्यात आळस नव्हता. चाळीस वर्षं कडेचं झुडूप आणि मधलं झुडूप ह्यात फरक कधी नव्हताच. खुडणाऱ्या बाईचा हात सगळीकडं सारखा पोचतो, त्यामुळं कुठलंही झुडूप विचारलं तरी सगळा उतार बोलतो, असंच सासऱ्यानं शिकवलं होतं.

पाचही छेद शाईसारखे काळे पडले. तो खूश झाला. यंत्राच्या माराखालीही झाडांनी तग धरला म्हणायचा. कचेरीत जाऊन म्हणाला, "आहे."

साहेबानं ते लिहून घेतलं आणि त्याची सही घेतली. आधी कधी सही घेत नसत. तोंडचा शब्द पुरायचा.

कोयते लागले. वीस गडी खालच्या अंगानं चढत निघाले, टिंचरकाका मागनं. पहिले दोन दिवस गुडघ्यामुळं तो रस्त्याकडेनंच फिरला. तिसऱ्या दिवशी गडी मधल्या चढावर पोचले तेव्हा तो आत चढला, आणि त्याच्या कानाला काहीतरी खटकलं. भरल्या झुडपावर कोयता बसला की ओलसर, दबका आवाज येतो. इथं वाळल्या काटकीसारखा येत होता. त्यानं एक छाटलेली फांदी उचलली. हाताला हलकी लागली. त्यानं दुसरी उचलली. मग तो बसला आणि बुडाशी उकरायला लागला.

लेक दुपारचा डबा घेऊन आली तेव्हा तो मातीत हात घालून बसला होता. समोर दगडावर चार मुळं मांडलेली. चारी पिवळी.

"बाबा, उंदीर शोधताय का?"

तो हसला नाही. "टिंचर जुनं झालं असेल," म्हणाला. मग डब्यातल्या भातावर त्यानं एक थेंब सोडला. भात काळा झाला.

"अहो, जेवण होतं ते!"

"टिंचर चांगलं आहे," तो म्हणाला.

लेक खाली बसली. तिला बापाचं तोंड असं बघायची सवय नव्हती.

"मला एक सांग," तो म्हणाला. "तुम्ही यंत्र कुठं वळवता?"

"कडेला. आणखी कुठं?"

"म्हणजे कडेच्या ओळी?"

"कडेच्या तीन-चार ओळींत यंत्र घालत नाही आम्ही. वळायला पाय ठेवायला जागा लागते, पातं रस्त्याच्या दगडाला लागलं की मोडतं. ती झुडपं हातानं खुडतो. वेळ मिळाला तर. नाहीतर तशीच राहतात." बोलता बोलता ती थांबली. "का? तुम्ही मुळं कुठनं घेतलीत?"

तो रस्त्याकडं बघत राहिला. रस्त्याकडची झुडपं तीन वर्षं आराम करत होती, खाऊन-पिऊन साठवत होती. त्यांनी त्याला खरं तेच सांगितलं होतं, पण स्वतःपुरतं.

"किती छाटून झालं?" तिनं विचारलं.

"अर्धं."

वर गड्यांचे कोयते चाललेच होते. हे फक्त दोघांना माहीत होतं. टिंचरकाका गप्प राहिला असता तर अडीच महिने कुणालाच कळलं नसतं, आणि मग पावसावर, किडीवर, कशावरही ढकलता आलं असतं. लेकीनं तेच सुचवलं. हळूच म्हणाली, "बाबा, आता अर्धं झालंच आहे. तुम्ही सही केलीय."

"म्हणून तर," तो म्हणाला, आणि गुडघ्यावर हात देऊन उठला. गड्यांना ओरडला, "कोयते खाली ठेवा!"

गडी थांबले. एकानं विचारलं, "काय झालं?"

"मी चुकलो," टिंचरकाका म्हणाला.

चाळीस वर्षांत हे दोन शब्द त्याच्या तोंडून कुणी ऐकले नव्हते. एक म्हातारा गडी तर कोयता टाकून सरळ खालीच बसला.

साहेब आला, नवे बूट घालून. त्याचा विश्वास बसेना. "काका, परवा तुम्हीच आहे म्हणालात." त्यानं स्वतः रस्त्यालगतचं एक मूळ काढायला लावलं. थेंब टाकला. काळं. "हे बघा! आहे की."

"साहेब, इथलं नाही. वर चला."

"वर जाऊन काय होणार? झाड तेच."

"तेच असतं तर मी कशाला बोंबललो असतो? चला."

साहेब चढला, दोनदा घसरला, एकदा झुडपात बसला. मधल्या चढावर टिंचरकाकानं त्याच्यासमोर दहा मुळं काढली. दहाच्या दहा पिवळी. साहेबानं दहाही मुळं एकेक करून हातात घेऊन बघितली. त्यानं छाटणी थांबवली, हे खरं. पण उतरताना त्यानं जे विचारलं, ते लेकीनं ऐकलं आणि घरी येऊन आईला सांगितलं. साहेबानं विचारलं होतं, "काका, बाकीचे उतार तर ठीक आहेत ना?" आणि मग उत्तर यायच्या आत म्हणाला, "जाऊ दे. आत्ता नका सांगू."

पुढचे अडीच महिने टिंचरकाका रोज सकाळी टाकीवरच्या उतारावर जायचा. छाटलेल्या अर्ध्या भागात हिंडायचा, नखानं साल खरवडून बघायचा. आत हिरवं असलं तर जीव आहे. पहिल्या महिन्यात हिरवं होतं. दुसऱ्या महिन्यात पिवळट. मग तपकिरी.

कडेची झुडपं मात्र फुटली. अशी फुटली की बघत राहावं, तांबूस कोवळे कोंब, हातहात लांब. खालून रस्त्यावरनं बघितलं तर सगळा उतार फुटल्यासारखा दिसायचा. चार ओळी ओलांडून आत पाऊल टाकलं की जवळजवळ वीस हजार वाळलेले खुंट, आणि पक्ष्याचाही आवाज नाही. मुख्य कचेरीतून दोन माणसं गाडीनं आली, रस्त्यावर गाडी थांबवून काच खाली केली, फोटो काढला. त्यातला एक म्हणाला, "छान आलंय." आणि काच वर गेली.

आमच्या ओळीतली नऊ घरं त्या महिन्यात उठून गेली. जाताना टिंचरकाकाला कुणी वाकडं बोललं नाही. सरळही बोललं नाही. त्याच्या दारावरून जाताना सगळ्यांना एकदम घाई असायची. बायको दारात उभी राहून म्हणायची, "जा बाई, सांभाळून जा," आणि आत येऊन भांडी आपटायची.

वाचला तो वरचा अर्धा. वीस हजार झुडपं, न छाटलेली. टिंचरकाकानं कचेरीत सांगितलं होतं, की ह्यांना वर्षभर हात लावू नका, पत्ती तशीच राहू द्या, झाडांना खाऊ द्या. खाल्लं तर जगतील. साहेबानं मान हलवली होती. त्या मानेवरच म्हाताऱ्याचा दिवस निघत होता. त्यानं तोंड काळं करून घेतलं ते ह्या वीस हजारांसाठी.

पण तक्त्यावरची तांबडी रेघ त्या महिन्यात पहिल्यांदा वाकली. अर्धा उतार मेला, आणि ठरवलेला आकडा तेवढाच. मग बाकीच्या उतारांवर पातं आठवड्यातून एकदाच्या ऐवजी दोनदा फिरायला लागलं. तेही पुरेना.

एका संध्याकाळी लेक जेवायला आली आणि ताटावर बसून नुसती चिवडत राहिली. आई म्हणाली, "खा की. मीठ कमी आहे का?"

"उद्यापासून टाकीवरच्या उतारावर यंत्र घालायला सांगितलंय," लेक म्हणाली. "वरच्या अर्ध्यावर."

टिंचरकाकाचा हात ताटातच राहिला.

"मी म्हटलं साहेबाला, बाबांनी वर्षभर बंद सांगितलंय. तर म्हणाला, तुझ्या बाबांनी त्या आधी आहे असंही सांगितलं होतं."

 बायको म्हणाली, "तू नाही म्हटलंस तर?"

"दुसरी जाईल. त्यापेक्षा मी बरी. मी निदान…" 

टिंचरकाकानं हात धुतले. मग लेकीसमोर बसून आपली दोन बोटं आडवी धरली. "पातं एवढं वर धर. दोन बोटं. वरचं कोवळं जाऊ दे, त्याखालचा पानांचा थर राहू दे. तेवढ्यावर ते जगेल."

"वजन भरणार नाही."

"नाही भरणार."

तिनं दोन दिवस तसंच केलं. दुसऱ्या टोकाला तिची जोडीदारीण होती, नवरा गेलेली बाई, दोन मुलं पदरात. तिची मजुरी पिशवीच्या वजनावर. पहिल्या दिवशी पिशवी निम्मी भरली तेव्हा ती गप्प बसली. दुसऱ्या दिवशी काटेवाला म्हणाला, "आज काय, उशा भरल्यात का?" तेव्हाही गप्प बसली. त्या संध्याकाळी साहेबानं दोघींना बोलावून आकडा दाखवला आणि एवढंच म्हणाला, की सपाटीवरून ठेक्यानं येणाऱ्या जोड्या पुष्कळ आहेत.

तिसऱ्या दिवशी सकाळी टिंचरकाका रस्त्यावर उभा होता. त्याला वर चढवत नव्हतं. यंत्र सुरू झालेलं त्याला ऐकू आलं, आणि दोघी ओळीच्या तोंडाशी उभ्या असलेल्या दिसल्या. पातं वर धरलेलं. दोन बोटं, असेल तर जरा जास्तच.

जोडीदारीण काहीतरी म्हणाली. यंत्राच्या आवाजात शब्द कळले नाहीत. लेकीनं मान हलवून नाही म्हटलं. जोडीदारीण पुन्हा बोलली, ह्या खेपेला लेकीकडं न बघता, आणि तिनं आपलं टोक खाली घेतलं.

पातं तिरकं झालं. तिरकं पातं चालत नाही. एका बाजूनं कोवळं कापतं, दुसऱ्या बाजूनं लाकडात रुततं, झुडूप मुळापासून हलवतं आणि यंत्र बंद पडतं. ते दोघींनाही माहीत होतं. यंत्र घरघरत तसंच राहिलं. लेकीनं एकदा खाली रस्त्याकडं बघितलं.

मग तिनं आपलं टोक खाली घेतलं, जोडीदारणीच्या टोकाच्या पातळीला आणून, आणि दोघी चालायला लागल्या.